हँडब्रेकची झिजलेली केबल: घरी बदलावी की गॅरेजमध्ये?

हँडब्रेक ओढूनही गाडी उतारावर हळूच सरकू लागली, किंवा पूर्वी पाच-सहा खटक्यांत घट्ट बसणारा लिव्हर दहा खटके वर आल्यावरही सैलच वाटू लागला, की केबल बदलण्याचा विषय निघतो आणि त्याच्या पाठोपाठ दुसरा प्रश्न येतो: जॅक आणि पान्यांचा संच काढून हे काम घरीच करावे, की गाडी सरळ गॅरेजमध्ये न्यावी? याला सर्व गाड्यांसाठी एकच उत्तर नाही. पण म्हणून ज्याने त्याने आपापल्या हिमतीवर ठरवावे, असेही मला वाटत नाही. माझ्या मते निर्णय मुख्यतः दोन गोष्टींवर अवलंबून असतो. केबलचे मागचे टोक चाकापाशी नेमके कुठे अडकवलेले आहे, ही पहिली. आणि तिथल्या नट-बोल्टांवर किती गंज चढला आहे, ही दुसरी. हौस, हाताशी असलेला वेळ आणि वाचणारे पैसे यांचा विचार त्यानंतर करावा.

आधी ठरवावे: केबल बदलायची की फक्त ताणायची?

बहुतेक गाड्यांत लिव्हरखालून एक केबल निघते, गाडीच्या पोटाखाली इक्वलायझर नावाच्या छोट्या पट्टीला मिळते आणि तिथून दोन केबली मागच्या दोन चाकांकडे जातात. काही गाड्यांत मागच्या दोन्ही केबली थेट लिव्हरपर्यंत येतात. आत पोलादी पदरांची पिळलेली तार, तिच्याभोवती प्लॅस्टिकची नळी, त्यावर पोलादी गुंडाळी आणि सर्वांत बाहेर प्लॅस्टिकचे आवरण, अशी तिची रचना असते. अर्नेस्ट बाउडन यांच्या १८९६ च्या पेटंटवरून तिला बाउडन केबल म्हणतात, आणि सायकलच्या ब्रेकची केबल याच जातीची. तार तुटून केबल निकामी होते असा समज आहे, पण बऱ्याचदा दुखणे बाहेरच्या आवरणापासून सुरू होते. आवरणाला चीर पडली की पाणी आणि चिखल आत शिरतो, पोलादी गुंडाळी गंजून फुगते आणि तार आतल्या आत घासू लागते. अशी केबल ओढली तर जाते, पण सोडल्यावर पूर्ण परत येत नाही. मग एका बाजूचा ब्रेक किंचित लागलेलाच राहतो, ते चाक तापते आणि जळका वास येऊ लागतो.

ही ओळख पटवण्याची सर्वांत भरवशाची रीत म्हणजे केबलचे टोक चाकाकडून सोडवून तार हाताने ओढून पाहणे. चांगली तार सलग सरकते आणि सोडताच सहज मागे ढकलता येते. गंजलेली तार बोटांना किरकिर जाणवू देते, मध्येच अडते, आणि सोडली की जिथल्या तिथे थांबते. पदर सुटून टोकाशी तारांची कुसळे दिसत असतील किंवा आवरण फुगून फाटले असेल, तर पुढे तपासण्यासारखे काही उरत नाही. ती केबल बदलायचीच.

याउलट, तार नीट सरकते पण लिव्हर मात्र फार वर येतो, अशा वेळी दोष केबलचा नसून झिजलेल्या लायनरचा (ब्रेकच्या शूवरचा घासणारा थर) किंवा अडकलेल्या ॲडजस्टरचा असण्याची शक्यता जास्त. इथे लिव्हरजवळचा नट आवळून मोकळे होण्याची सवय फार पसरलेली आहे, आणि ती खरोखर घातक आहे. ड्रम ब्रेकमध्ये चाकासोबत फिरणाऱ्या पोकळ ड्रमला आतून शू नावाच्या दोन वक्र पट्ट्या दाबतात. अशा अनेक ब्रेकमध्ये झिजेनुसार शू आपोआप पुढे सरकवणारा ॲडजस्टर तेव्हाच नीट काम करतो, जेव्हा हँडब्रेक सोडल्यावर शूवरचा छोटा लिव्हर आपल्या मूळ जागी पूर्ण टेकतो. केबल कायम ताणलेली ठेवली की तो लिव्हर अधांतरी राहतो, ॲडजस्टर थांबतो, लायनर झिजत जातो आणि पायाच्या ब्रेकचे पेडलही खोल जाऊ लागते. माझ्या गाडीचा नट एका गॅरेजने दोनदा असाच आवळून दिला होता. तिसऱ्या वेळी मी स्वतः गाडीखाली शिरलो, तेव्हा मागच्या ॲक्सलजवळ केबलचे आवरण बोटभर लांबीत फाटलेले दिसले. नट आवळल्याने त्या केबलचे काहीच सुधारणार नव्हते. म्हणून क्रम असा ठेवावा: आधी चाकापाशी शू आणि ड्रम यांतली फट, मग केबलचा ताण, आणि केबल अडत असेल तर बदल.

केबलचे मागचे टोक कुठे आहे?

मागे डिस्क ब्रेक असेल आणि हँडब्रेक त्याच कॅलिपरवर (डिस्कला दोन्ही बाजूंनी चिमटणारा भाग) चालत असेल, तर घरी काम करणाऱ्यासाठी हा सर्वांत सोपा प्रकार आहे. कॅलिपरच्या मागे एक छोटा लिव्हर आणि त्यात अडकवलेले केबलचे टोक उघड्यावर दिसते. आवरण धरून ठेवणारी क्लिप काढायची, लिव्हर पक्कडीने किंचित वळवून टोक सोडवायचे, आणि पोटाखालच्या पट्ट्या सोडत पुढे जायचे. ब्रेक ऑइलची कोणतीही जोडणी उघडावी लागत नाही, त्यामुळे हवा काढण्याचे काम निघत नाही. पान्यांची सवय असलेल्या माणसाने ही केबल घरी बदलावी, असे मी निःशंकपणे म्हणेन.

मागे साधे ड्रम असतील तर केबलचे टोक ड्रमच्या आत, शूच्या लिव्हरला अडकलेले असते. म्हणजे आधी ड्रम उतरवायचा. तो गंजाने हबला (चाक ज्यावर बसते तो मधला भाग) चिकटलेला असतो किंवा आतल्या कडेला झिजून उंचवटा झालेला असतो, आणि अशा वेळी ॲडजस्टर मागे घेतल्याशिवाय ड्रम निघत नाही. पुढे स्प्रिंग, शू आणि मग केबल. पाठीमागच्या पत्र्यातून केबल जिथे आत येते, तिथे तिच्या आवरणाला बाहेर फाकलेल्या दोन-तीन पोलादी जिभा असतात आणि त्या एकाच वेळी दाबल्याशिवाय केबल भोकातून बाहेर पडत नाही. पक्कडीने एक दाबावी तर दुसरी उसळते. नेमक्या मापाचा रिंग पाना, अनेक गाड्यांत १२ मिलिमीटरचा, त्या जिभांवरून सरकवला की सगळ्या एकदम मिटतात आणि केबल हाताने मागे खेचता येते. हे माहीत नसल्यास एवढ्या एका क्लिपवर अर्धा दिवस जाऊ शकतो. ज्याने पूर्वी एकदा तरी ड्रम उघडून शू परत बसवले आहेत, त्याने हे घरी करावे. ज्याने कधीच नाही, त्याने सोबत जाणता माणूस घ्यावा किंवा गॅरेज निवडावे. एक बाजू जशीच्या तशी ठेवून दुसरी उघडली, तर स्प्रिंग कुठली कुठे हे पाहायला समोर नमुना राहतो.

तिसरा प्रकार डिस्कच्या पोटातल्या छोट्या ड्रमचा. यात कॅलिपर उतरवून तारेने टांगून ठेवावा लागतो (त्याच्या रबरी नळीवर वजन पडता कामा नये), मग डिस्क काढायची, आणि आत गंजलेले छोटे शू व त्यांच्या बारीक स्प्रिंगा असतात. गाडी जुनी असेल तर माझा कल इथे स्पष्टपणे गॅरेजकडे आहे.

बटणावर चालणारा इलेक्ट्रॉनिक पार्किंग ब्रेक असेल तर हा प्रश्न बहुधा उरतच नाही, कारण अनेक गाड्यांत मोटर थेट कॅलिपरवर असते आणि केबल नसतेच. जिथे मोटर केबल ओढते, तिथे ती मोटर आधी सर्व्हिस मोडमध्ये, म्हणजे दुरुस्तीसाठीच्या स्थितीत, न्यावी लागते. हे काम गॅरेजचेच.

घर आणि गॅरेज यांतला खरा फरक

गॅरेजची मोठी जमेची बाजू ज्ञान ही नसून लिफ्ट ही आहे, असे मी विचारपूर्वक म्हणतो. घरी गाडी उचलताना एरवी हँडब्रेक आपला एक आधार असतो. या कामात तोच सोडून ठेवावा लागतो. शिवाय मागची चाके हवेत असतात, म्हणजे गाडी फक्त पुढच्या चाकांवर उभी. पुढच्या चाकांवर चालणारी गाडी गिअरमध्ये ठेवली तर ती चाके थोडीफार अडतात, पण मागच्या चाकांवर चालणाऱ्या गाडीत गिअर अडवतो ती चाके हवेतच असल्यामुळे गिअरचा उपयोग शून्य होतो. म्हणून पुढच्या दोन्ही चाकांना दोन्ही बाजूंनी भक्कम ठोकळे, खाली सपाट आणि कठीण जमीन, आणि गाडीच्या नेमून दिलेल्या जागी तिला तोलून धरणारे दोन स्टँड, एवढे असल्याशिवाय घरी सुरुवातच करू नये. नुसत्या जॅकवर उभ्या गाडीखाली क्षणभरही डोके घालू नये. एवढी जागा किंवा साहित्य नसेल तर निर्णय तिथेच झाला. बाकी कितीही सोपे असले तरी गाडी गॅरेजमध्ये न्यावी.

दुसरा फरक गंजाचा. केबलीचा मार्ग बहुधा सायलेन्सरच्या वरून किंवा बाजूने जातो आणि त्या दोघांच्या मध्ये उष्णता अडवणारा पातळ पत्रा असतो. या पत्र्याचे छोटे बोल्ट उष्णता आणि पाणी खाऊन इतके कुजलेले असतात की पाना लावताच डोके तुटते. घरी आदल्या दिवशी तारेच्या ब्रशने घासून गंज सोडवणारे तेल मारून ठेवता येते, आणि त्याचा खरोखर उपयोग होतो. पण कडा गोल झालेल्या किंवा तुटलेल्या बोल्टपुढे घरचे हत्यार संपते आणि गॅरेजची ज्योत कामी येते. त्यामुळे नवी केबल मागवण्याआधी, गाडी नीट आधारावर घेऊन आणि सायलेन्सर गार झाल्यावर, टॉर्चने सबंध मार्ग पाहून घ्यावा. या अर्ध्या तासातच बहुतेक निर्णय होतो.

वेळेबद्दल फार सांगण्यासारखे नाही. पहिल्यांदा करणाऱ्याने दोन्ही मागच्या केबलींसाठी पूर्ण दिवस मोकळा ठेवावा. लिफ्टवर सरावलेला हात ते काही तासांत उरकतो.

घरच्या कामाची जमेची बाजू म्हणजे निवांतपणा. नवी केबल जुन्याच मार्गाने, प्रत्येक रबरी बूच आणि पट्टी जागेवर बसवून नेणे, तिला कुठे तीव्र वळण पडत नाही आणि मागचा ॲक्सल वर-खाली होताना ती ताणली जात नाही हे पाहणे, या गोष्टी घाईच्या हाताकडून सुटतात. एखादी पट्टी राहिली की केबल चाकाला किंवा गरम नळीला टेकते. ड्रमची धूळ मात्र घरीही कधी फुंकू नये आणि हवेने उडवू नये, कारण जुन्या लायनरमध्ये ॲस्बेस्टॉस असू शकते. ब्रेक क्लीनरने ओली करून पुसून घ्यावी.

केबल निवडतानाही घाई नको. नवी आणि जुनी केबल जमिनीवर शेजारी-शेजारी ठेवून आवरणाची लांबी, बाहेर उघड्या राहणाऱ्या तारेची लांबी, टोकाचा आकार आणि मधल्या पट्ट्यांच्या जागा जुळवाव्यात. उघडी तार थोडी जरी लांब निघाली तरी ताण जुळवणाऱ्या नटाचा सगळा आटा तिथेच खर्च होतो. डावी आणि उजवी केबल अनेक गाड्यांत वेगवेगळ्या लांबीची असते, हेही ध्यानात ठेवावे. एकच केबल बिघडली असली तरी मागच्या दोन्ही एकदम बदलणे मला योग्य वाटते, कारण दोघींनी सारखेच पाणी खाल्लेले असते. गाडीच्या आतल्या बाजूची पुढची केबल सुरक्षित असते. तिचे पदर सुटले नसतील तर तिला हात लावू नये, विशेषतः त्यासाठी मधला कन्सोल उघडावा लागत असेल तर. आत प्लॅस्टिकची नळी असलेल्या केबलीत ग्रीस भरायची गरज नसते. ते टोकांना आणि फिरत्या सांध्यांना थोडेसे लावावे, लायनरपासून दूर.

शेवटचा ताण बसवण्याच्या कामात दोन्ही पर्यायांची तुलना खरी रंगते. पायाचा ब्रेक अनेकदा दाबून आधी शूची फट जुळू द्यायची, हँडब्रेक आठ-दहा वेळा जोराने ओढून नवी केबल बसू द्यायची, आणि मग नट फिरवायचा. लिव्हर पूर्ण खाली असताना दोन्ही चाके हाताने मोकळी फिरली पाहिजेत, आणि गाडीच्या पुस्तिकेत दिलेल्या खटक्यांवर दोन्ही सारखीच घट्ट अडली पाहिजेत. कॅलिपरवरचा लिव्हर असेल तर तो आपल्या थांब्याला टेकला आहे ना, हे डोळ्यांनी पाहावे. डावी-उजवीची पकड आकड्यांत मोजणारे रोलरचे यंत्र काही गॅरेजमध्ये असते. घरी ती सोय नाही, फक्त उतार आहे. संयुक्त राष्ट्रांच्या आर-१३-एच या नियमाप्रमाणे भरलेली कार पार्किंग ब्रेकवर २० टक्के चढ-उतारावर, म्हणजे १०० मीटरमागे २० मीटर उंचीच्या आणि सुमारे ११ अंशांच्या रस्त्यावर, स्थिर राहायला हवी. इतका तीव्र उतार जवळ नसेल तर मिळेल त्या मोकळ्या उतारावर, पाय ब्रेकवर तयार ठेवून आणि गाडीचे तोंड आधी वर, मग खाली करून तपासावे.

ज्यांच्याकडे जागा नाही पण ज्यांना कामाची काळजी आहे, त्यांच्यासाठी मधला मार्गही चांगला आहे. दुखण्याची ओळख स्वतः पटवावी, चासिस क्रमांकावरून केबली स्वतः आणाव्यात, आणि गॅरेजकडे फक्त बसवणी सोपवून तीन गोष्टी आधीच सांगाव्यात: जुन्या केबली परत हव्यात, नटाला हात लावण्याआधी ड्रमची फट जुळवावी, आणि चाके मोकळी फिरताना आपल्याला दाखवावीत. केबल कोणीही बसवलेली असो, काही दिवसांनी नवी तार थोडी बसते आणि लिव्हर एखादा खटका जास्त वर येऊ लागतो. तेव्हा ताण पुन्हा एकदा जुळवून घ्यावा लागतो.