काळावर मात करणारी चिन्हविद्या: कोरायची की गिरवायची?

तुमच्या कल्पित जगात शेकडो वर्षं टिकणाऱ्या जादुई चिन्हांची विद्या असणार, एवढं ठरलं असेल तर पुढचा प्रश्न असा: चिन्हाची शक्ती कशात ठेवायची, दगडात की माणसाच्या हातात? एकदा कोरलं की कायमचं काम करणारं चिन्ह हवं, की पिढ्यानपिढ्या गिरवलं तरच जिवंत राहणारं? वरवर दोन्ही सारख्याच वाटतात, पण त्यांतून निघणाऱ्या गोष्टी फार वेगळ्या असतात.

कोरीव विद्येचं बळ उघड आहे. कोरणारा मेला, राज्य बुडालं, तरी दारावरचं चिन्ह पहारा देतंच. वाचकाला हे पटवून द्यावं लागत नाही, कारण खुणेत जीव असतो ही समजूत फार जुनी आहे. प्राचीन इजिप्तमधल्या काही थडग्यांत साप आणि इतर घातक प्राण्यांची चित्राक्षरं मुद्दाम तोडून किंवा अर्धवट काढलेली आढळतात. आत निजलेल्या मृताला त्यांनी इजा करू नये म्हणून. होरस देवाच्या मंत्र कोरलेल्या शिळांवरून पाणी ओतत आणि ते पाणी साप-विंचवाच्या दंशावर उतारा म्हणून पीत. हे दोन्ही तपशील खुशाल उचला. चिन्ह जिवंत असेल तर ते लिहिणाऱ्यालाही डसू शकतं, आणि त्याची शक्ती पाण्यात उतरू शकते. एवढ्यातून कथेचे कितीतरी नियम सुचतात.

कोरीव विद्येची अडचण म्हणजे टिकणं फार स्वस्त होतं. कायमचं संरक्षण एका छिन्नीने मिळत असेल तर प्रत्येक उंबऱ्यावर ते का नाही, हे वाचक विचारणारच. त्यामुळे किंमत ठरवावी लागते: कोरणाऱ्याचं आयुष्य, आवाज, आठवण, काहीही. दुसरी गोष्ट मला जास्त महत्त्वाची वाटते. दगड टिकतो, वाचणारे टिकत नाहीत. फिरोजशाह तुघलकाने चौदाव्या शतकात अशोकाचे स्तंभ दिल्लीला आणवले. त्यांवरचा लेख ठळक होता, पण तो वाचू शकणारं कुणी सापडलं नाही. त्या लेखाची ब्राह्मी लिपी जेम्स प्रिन्सेप या इंग्रज अभ्यासकाने उलगडली ती १८३७ साली. चिन्ह चालू आहे, पण ते नेमकं काय करतं हे कुणालाच ठाऊक नाही, ही कोरीव विद्येची सगळ्यात सशक्त परिस्थिती. तुमच्या कथेला तिचा उपयोग नसेल तर ही विद्या निवडून फारसं हाती लागणार नाही.

गिरवण्याच्या विद्येचं रूप बघायचं तर इंग्लंडमधला अफिंग्टनचा पांढरा घोडा आठवावा. टेकडीच्या उतारावर चर खणून त्यांत पांढऱ्या चुनखडीचा चुरा ठोकून केलेली सुमारे ११० मीटर लांबीची ही आकृती जवळपास तीन हजार वर्षं जुनी आहे. तण काढून वेळोवेळी नवा चुरा ठोकला नाही, तर गवत तिला गिळून टाकतं. घडवणाऱ्यांची भाषा गेली, देव गेले, ती का घडवली हेही आज सांगता येत नाही. निगा मात्र राखली गेली. अशा चिन्हाभोवती माणसं आपोआप येतात: गिरवणारी घराणी, कंटाळलेला वारस, दुष्काळात हुकलेलं एक वर्ष. कोरीव विद्येत ही माणसं वेगळी घडवावी लागतात.

गिरवण्याच्या विद्येचा धोका म्हणजे हात हलतो. प्रत्येक पिढीत रेघ केसभर सरकली, तर काही शतकांनी रक्षणाचं चिन्ह भलतंच काही करू लागेल. हा धोका टाळू नका, उलट तोच कथानक होऊ द्या. त्यावरचा उपायही आपल्या जवळच आहे. वेदपाठाच्या घनपाठात शब्द उलटसुलट क्रमाने गुंफून म्हणतात, त्यामुळे चूक लगेच उघडी पडते. तुमच्या कथेतले गिरवणारे प्रत्येक चिन्ह एकदा सुलट, एकदा उलट गिरवत असतील आणि दोन्ही आकृत्या जुळल्या तरच शक्ती जागत असेल, तर नियम सोपाही राहतो आणि कडकही.

लपवलेल्या चिन्हांचा तिसरा प्रकारही आहे. इंग्लंडमधल्याच बाथ गावच्या पवित्र झऱ्यात रोमन काळातले शिशाच्या पत्र्यांवर लिहिलेले सुमारे १३० शाप सापडले, त्यांतले काही उलट्या अक्षरांत. ते माणसांनी वाचावेत म्हणून लिहिलेच नव्हते. हे एखाद्या उपकथानकाला पुरेल. अख्ख्या जगाचा भार त्यावर टाकू नये.

अनेक पिढ्यांची कादंबरी लिहीत असाल तर माझं मत निःशंक गिरवण्याच्या बाजूने आहे. निर्मनुष्य अवशेषांत घडणारी कथा असेल तर मात्र ती विद्या निरुपयोगी. गिरवणारेच उरले नाहीत तर चिन्ह कसं उरेल? तिथे, लघुकथेत आणि रोल-प्लेइंग गेममध्येही कोरीवच घ्या. फक्त चिन्ह मोडलं तर काय होतं ते आधी लिहून ठेवा: शक्ती कमी होते, उलटते, की मोकाट सुटते? आगीचाही नियम ठरवा. इ.स.पू. ६१२ मध्ये प्राचीन अ‍ॅसिरियाची राजधानी निनवे जळालं तेव्हा तिथल्या ग्रंथालयातल्या कित्येक मातीच्या पाट्या आगीत भाजून आणखी टणक झाल्या. तुमच्या खेळाडूंपैकी कुणीतरी पहिल्याच बंद दारावर मशाल लावून बघणार आहे.