मस्कारपोने रिव्ह्यू: घरी तिरामिसू करताना पैसे कशावर घालायचे

तिरामिसू, म्हणजे कॉफीत बुडवलेली बिस्किटं आणि क्रीम यांचे थर असलेला इटालियन गोड पदार्थ, घरी करायचा म्हटलं की सगळे आधी कॉफीचंच विचारतात, कुठली पावडर घेऊ, मोका पॉट (गॅसवर कडक कॉफी करायचं भांडं) लागेल का, मशीन नसेल तर चालेल का. मला विचाराल तर कॉफीत थोडं इकडेतिकडे झालं तरी निभावतं पण मस्कारपोने गंडलं की सगळंच गंडलं. म्हणून हा रिव्ह्यू मुख्यतः डब्यात मिळणाऱ्या तयार मस्कारपोनेचा, बाकीच्या सामानाबद्दल जाता जाता लिहिते.

मस्कारपोने म्हणजे उत्तर इटलीतल्या लोंबार्दिया प्रांताचं चीज. चीज म्हणतात खरं पण यात रेनेट (चीजसाठी दूध गोठवणारं एन्झाइम) घालत नाहीत. क्रीम साधारण 85 ते 90 डिग्रीपर्यंत तापवायचं, सायट्रिक ॲसिड किंवा लिंबाचा रस घालायचा, घट्ट झालं की पाणी निथळून टाकायचं, संपलं. त्यामुळे चांगल्या डब्यावर घटक अगदी थोडे असतात, क्रीम, कधीकधी दूध, आणि सायट्रिक ॲसिड. मी आधी डबा उलटा करून हेच वाचते. कॅराजीनन, गम, स्टार्च अशी घट्ट करणाऱ्या पदार्थांची यादी दिसली तर ठेवून देते, कारण असं मस्कारपोने चमच्याला जेलीसारखं चिकटून येतं आणि खाल्ल्यावर तोंडात वितळायच्या ऐवजी नुसतं बसून राहतं. दुसरं बघायचं ते फॅट, 40 टक्क्यांच्या आसपास किंवा वर हवं. लाइट व्हर्जन तिरामिसूसाठी घेऊच नका प्लीज, क्रीम पातळ होतं आणि कापल्यावर थर बाजूने ओघळतो.

क्रीम चीज घातलं तर? हा प्रश्न हमखास येतो. चालतं पण मग तो चीजकेकच्या अंगाने जातो. क्रीम चीज बॅक्टेरिया कल्चर घालून आंबवलेलं असतं, त्यात मीठही असतं, त्यामुळे आंबटखारट चव आधी लागते आणि कॉफीचा कडवटपणा मागे पडतो. मस्कारपोनेला स्वतःची चव फार नसतेच, हलका गोडवा आणि दाट सायीचा स्वाद, आणि नेमकं त्यामुळेच कॉफी आणि कोको वर येतात. या एका कारणासाठी मी जास्तीचे पैसे आनंदाने देते.

आता वापरायला कसं आहे ते. डबा उघडल्यावर वर थोडं पाणी सुटलेलं दिसलं तर घाबरू नका पण ते आत ढवळूही नका, ओतून टाका. फ्रीजमधून काढल्या काढल्या एकदम कडक असतं, तसंच मिश्रणात टाकलं की गुठळ्या होतात ज्या नंतर कितीही ढवळा जात नाहीत, म्हणून थोडा वेळ बाहेर ठेवून आधी नुसतंच स्पॅच्युलाने सारखं करून घ्यायचं. आणि इलेक्ट्रिक बीटर लांब ठेवा! इतकं फॅट असलेली गोष्ट जास्त फेटली की फुटते, रवाळ होते. हाताने, हळू, आणि एकजीव झालं की थांबायचं.

माझं प्रमाण 250 ग्रॅम मस्कारपोने, 3 अंड्यांचे बलक, 60 ग्रॅम साखर. तिरामिसू इटलीतल्या ज्या त्रेविझो शहरातल्या ले बेक्केरिए रेस्टॉरंटशी जोडला जातो (तिथल्या मेन्यूत तो 1970 च्या दशकात आला) तिथली म्हणून जी रेसिपी सांगतात तिच्यात 1 किलो मस्कारपोनेला 12 बलक आणि तब्बल अर्धा किलो साखर आहे, दारू नाही, फेटलेला पांढरा भागही नाही. दारू नसणं मला पटतं, साखर मात्र मला खूपच वाटते कारण बिस्किटांवर आधीच साखर असते. शेजारच्या फ्रिउली प्रांतवाल्यांचा दावा आहे की तिरामिसू मूळ आमचा, तो वाद त्यांचा त्यांना लखलाभ.

कच्चं अंडं नको असेल तर, आणि लहान मुलं, गरोदर बाई किंवा वयस्कर माणसं खाणार असतील तर नकोच, बलक आणि साखर उकळत्या पाण्याच्या पातेल्यावर बाऊल ठेवून सतत फेटत 70-72 डिग्रीपर्यंत न्यायचं, फिकट आणि दाट होतं, मग पूर्ण गार करून मस्कारपोने. पूर्ण गार म्हणजे खरंच पूर्ण गार हां, कोमट असेल तरी मस्कारपोने वितळून पातळ होतं.

बिस्किटं सावोयार्दीच, कोरडी, कडक, वर साखर असलेली. लेडीफिंगर नावाने मऊ स्पंजसारखी मिळतात ती कॉफीत गेली की लगदा होतो. कडकवाली पण बुडवून ठेवायची नाहीत, गार कॉफीत एक बाजू, दुसरी बाजू, बाहेर, जेमतेम दोन सेकंद. आत मधे कोरडं राहिलं असं वाटतं पण फ्रीजमधे रात्रभरात ओल आतपर्यंत जाते. कॉफी मोका पॉटची असेल तर उत्तमच, नसेल तर इन्स्टंट एकदम कडक करा, बिनसाखरेची. कोको पानात वाढायच्या अगदी आधी वरून भुरभुरायचा, नाहीतर ओला होऊन काळे डाग पडतात.

घरी मस्कारपोने करायचं असेल तर 35 टक्के किंवा जास्त फॅटचं अर्धा लिटर क्रीम आणि एक मोठा चमचा लिंबाचा रस, वर सांगितलं तसं तापवून गार करून कापडात बांधून रात्रभर फ्रीजमधे निथळत ठेवा. ताजेपणात डब्यापेक्षा सरस, घट्टपणा मात्र दर वेळी थोडा वेगळा येतो. 25 टक्केवाल्या क्रीमचं नीट घट्ट होत नाही, त्याच्या वाटेला जाऊ नका.

डब्याला माझ्याकडून पाचपैकी साडेचार. अर्धा कापला कारण एकदा उघडलं की दोनतीन दिवसांत संपवावं लागतं आणि फ्रीझ केलं तर नंतर पाणी सुटून रवाळ होतं, म्हणून 500 चा मोठा डबा कितीही स्वस्त पडला तरी 250 चाच घ्या.