डिस्प्लेकॅल आणि अर्गिल: साड्यांच्या कॅटलॉगवर वापरून पाहिलं

ठाण्यातल्या राम मारुती रोड, गोखले रोडवरच्या दुकानांसाठी आम्ही साड्यांचे फोटो काढतो आणि कॅटलॉग छापूनही देतो. या धंद्यात 'रंग वेगळा आलाय हो' ऐकलं की काम परत आलंच समजा. म्हणून उन्हाळ्यापासून दोन सॉफ्टवेअर वापरतोय: स्क्रीनचे रंग मोजून बरोबर करणारं डिस्प्लेकॅल आणि त्याच्या पोटात चालणारं, प्रिंटरचंही काम करणारं अर्गिल. दोन्ही फुकट. पैसे जातात ते मोजणाऱ्या यंत्रात.

मॉनिटरचं काम सोपं. स्क्रीन अर्धा तास तापू द्यायची, पांढरा ६५०० केल्विन, गॅमा (मधल्या छटा किती उजळ दिसाव्यात ते) २.२, ब्राइटनेस १०० कँडेलाच्या आसपास. आधीच्या भगभगीत निळसर स्क्रीननंतर सुरुवातीला सगळं पिवळट वाटतं, मग डोळे सरावतात. वाइड गॅमट, म्हणजे जास्त रंग दाखवणारा मॉनिटर असेल तर बॅकलाइटच्या प्रकाराप्रमाणे करेक्शन निवडाच, नाहीतर कलरीमीटर (स्क्रीनचा रंग मोजणारं यंत्र) पांढराच चुकीचा वाचतो.

खरा फायदा प्रिंटरमध्ये झाला. तिथे कलरीमीटर चालत नाही, छापलेल्या कागदावरचा रंग मोजणारा स्पेक्ट्रोफोटोमीटर लागतो. मी त्यातला जुना कलरमंकी घेतला. हे काम काळ्या कमांड खिडकीत, अर्गिलच्या चार प्रोग्रॅमनी ओळीने चालतं: टार्जेन, प्रिंटटार्ग, चार्टरीड, कॉलप्रॉफ. रंगीत चौकोनांची पानं ड्रायव्हरचं कलर मॅनेजमेंट बंद करून छापायची, वाळवायची, मग एकेका ओळीवरून यंत्र हाताने सरकवायचं. घाई केलीत की तीच ओळ पुन्हा. जुलैत ठाण्याच्या दमट हवेत शाई लवकर वाळत नाही, म्हणून पानं रात्रभर पंख्याखाली ठेवून सकाळी मोजतो. वर प्रत्येक कागदाचं प्रोफाइल, म्हणजे त्यावर रंग कसे उतरतात ते सांगणारी फाइल, वेगळं. कंटाळवाणं आहे, पण अंजिरी आणि डाळिंबी आता वेगवेगळे दिसतात, आधी दोन्ही एकच विटकरी व्हायचे.

भडक राणी मात्र आमच्या प्रिंटरच्या शाईत बसतच नाही. सॉफ्ट प्रूफमध्ये, म्हणजे स्क्रीनवरच्या छपाईच्या नमुन्यात, ते छापण्याआधीच दिसतं, त्यामुळे फोनवरच सांगून टाकतो, "काका, राणी जरा दबेल." धूपछाँव साडीत उभा धागा एका रंगाचा, आडवा दुसऱ्या, नजरेचा कोन बदलला की रंग बदलतो. तिथे प्रोफाइल तरी काय करणार!

मूळ डिस्प्लेकॅल २०१९ नंतर पुढे सरकलं नाही, पायथन या प्रोग्रॅमिंग भाषेच्या जुन्या आवृत्तीवर, पायथन २ वरच अडकलं. नव्या मशीनवर इतरांनी पुढे चालवलेली पायथन ३ ची आवृत्ती टाका. आणि विंडोजवर कलरमंकीला अर्गिलचा ड्रायव्हर दिला की कंपनीचं सॉफ्टवेअर त्याला ओळखत नाही, तेव्हा दोन्ही वापरायची असतील तर ड्रायव्हर अदलाबदलीची तयारी ठेवा.