सहा धडे, तीन शिक्षक आणि एकच शरीर : नीटच्या एका उजळणी अभ्यासक्रमाविषयी

भाचीच्या नीट या वैद्यकीय प्रवेशपरीक्षेच्या दुसऱ्या प्रयत्नासाठी आम्ही डिसेंबरात मानवी शरीरक्रियाविज्ञानाच्या उजळणीचा एक ऑनलाइन अभ्यासक्रम विकत घेतला. ३,४९९ रुपयांत ३४ रेकॉर्ड केलेल्या तासिका, घरपोच आलेल्या छापील नोट्सचे दोन खंड, बारा चाचण्या आणि शंकानिरसनाची सोय असे त्याचे स्वरूप होते. मी कनिष्ठ महाविद्यालयात सव्वीस वर्षे जीवशास्त्र शिकवून निवृत्त झालो असल्यामुळे तिच्याबरोबर बसून सगळ्या तासिका पाहिल्या आणि चाचण्याही स्वतः सोडवल्या. त्यांपैकी एका चाचणीत तिने मला मागे टाकले, हेही येथे नोंदवतो. संस्थेचे नाव मुद्दाम देत नाही. जे दोष सांगणार आहे ते दुसऱ्या कोणत्याही अभ्यासक्रमात आहेत की नाहीत, हे पैसे भरण्यापूर्वी पालकांना नमुना तासिकांवरून तपासता यावे, एवढाच या लेखाचा उपयोग आहे.

नीटच्या ७२० गुणांपैकी ३६० गुण जीवशास्त्राचे असतात आणि २०२५पासून १८० प्रश्नांसाठी १८० मिनिटेच मिळतात. भौतिकशास्त्राला वेळ उरावा म्हणून जीवशास्त्राचे नव्वद प्रश्न पाऊण तासात उरकायचे, असे गणित बहुतेक मुले मांडतात. म्हणजे एका प्रश्नाला अर्धा मिनिट. इतक्या कमी वेळात उत्तर आठवावे लागते, त्यामुळे पाठांतराला नाके मुरडण्यात अर्थ नाही, हे मला मान्य आहे. प्रश्न असा आहे की, एकदा शिकून झालेल्या मुलाला उजळणीत पुन्हा तेच धडे त्याच क्रमाने वेगाने ऐकवायचे, की पहिल्या वाचनात सुटे राहिलेले धागे एकमेकांना जोडून द्यायचे. या अभ्यासक्रमाने बहुतांशी पहिला मार्ग धरला आहे.

आधी जे उत्तम आहे ते सांगतो. उत्सर्जन संस्थेच्या चार तासिका या ३,४९९ रुपयांतील निम्म्याहून अधिक मोल वसूल करतात. त्या शिक्षकांनी तयार स्लाइड न दाखवता सत्तर मिनिटे फळ्यावर स्वतःच्या हाताने नेफ्रॉन, म्हणजे वृक्कातील (मूत्रपिंडातील) रक्त गाळणारी सूक्ष्म नळी, काढला. दर मिनिटाला सुमारे १२५ मिलिलिटर, म्हणजे दिवसाला १८० लिटर द्रव रक्तातून गाळला जातो आणि मूत्र मात्र जेमतेम दीड लिटर होते, तेव्हा उरलेले पाणी गेले कुठे, या प्रश्नापासून त्यांनी सुरुवात केली आणि शेवटपर्यंत तो प्रश्न सोडला नाही. हेन्लेच्या पाशाची, म्हणजे नेफ्रॉनच्या वळसा घेणाऱ्या भागाची, उतरती भुजा पाणी बाहेर जाऊ देते पण क्षार फारसे जाऊ देत नाही, चढती भुजा नेमके उलटे करते, आणि त्यामुळे वृक्काच्या बाह्यकात ३०० असलेली परासरणीय तीव्रता (विरघळलेल्या कणांची दाटी, मिलिऑस्मोल प्रतिलिटर) आतल्या मध्यांगात १२००पर्यंत कशी चढते, हे त्यांनी आकडा लिहिण्याच्या आधी कारण सांगून दाखवले. शेजारून उलट दिशेने वाहणाऱ्या केशवाहिन्या ही चढण विस्कटू देत नाहीत, हा मुलांना हमखास न कळणारा भागही त्यांनी घाई न करता सांगितला. भाचीने हा धडा अकरावीत दोनदा वाचला होता. तिसऱ्या वेळी तो तिला समजला.

रक्ताभिसरणाच्या तासिकाही चांगल्या आहेत. हृदयाचे एक आवर्तन ०.८ सेकंदांचे, त्यात अलिंदांचे (वरच्या कप्प्यांचे) आकुंचन ०.१, निलयांचे (खालच्या कप्प्यांचे) ०.३ आणि उरलेले ०.४ सेकंद सगळेच कप्पे शिथिल, ही विभागणी हलत्या चित्रातून दाखवली आहे आणि दाबाचा आलेख, झडपांची उघडझाप व हृदयाचे दोन ध्वनी हे तिन्ही एकाच पडद्यावर एकाच वेळी चालतात. पहिला ध्वनी अलिंद-निलयांमधील झडपा मिटताना आणि दुसरा अर्धचंद्राकृती झडपा मिटताना येतो, हे वाक्य पाठ असणारी शेकडो मुले मी पाहिली आहेत. त्या क्षणी निलयाचे आकुंचन सुरू होते की संपते, असे विचारले की त्यातली बरीच गडबडत. हे चित्र पाहिलेले मूल गडबडणार नाही.

श्वसनाच्या धड्यापाशी मात्र माझी नाराजी सुरू झाली. वायूंच्या आंशिक दाबांचा तक्ता त्यांनी एका यमकावर बसवून पाठ करून घेतला : वातावरणात प्राणवायूचा दाब (पाऱ्याच्या मिलिमीटरमध्ये) १५९, वायुकोशात १०४, फुफ्फुसाकडे येणाऱ्या रक्तात ४०, तेथून निघालेल्या रक्तात ९५. तक्ता पाठ झाला, हे खरे. पण कार्बन डायऑक्साइडसाठी रक्तात ४५ आणि वायुकोशात ४० एवढा किरकोळ फरक कसा पुरतो, हे सांगितले नाही. प्राणवायूच्या तुलनेत त्याची विद्राव्यता २० ते २५ पट असते, हे एनसीईआरटीच्या पुस्तकात आहे आणि त्यावर विधान-कारण प्रकारचा प्रश्न सहज बेतता येतो. भाचीला पडलेली शंका याहून खोल होती. वायुकोशात १०४ आहे आणि रक्त तेथे समतोल साधूनच बाहेर पडते, तर पुढे ते ९५ कसे होते, असे तिने शंकापेटीत लिहिले. दोन दिवसांनी उत्तर आले, ते असे : हे परीक्षेत विचारत नाहीत, तक्ता लक्षात ठेवा.

उत्तर मला ठाऊक होते, म्हणून मी सांगितले. श्वसनमार्गाच्या स्वतःच्या ऊतींना पुरवठा करून आलेले, प्राणवायू खर्च झालेले थोडे रक्त फुफ्फुस शिरांमध्ये मिसळते आणि त्यामुळे दाब उतरतो. स्पष्टीकरण दोन वाक्यांचे होते. परीक्षेत ते विचारत नाहीत, हेही बरोबरच आहे. परंतु ज्या मुलीला ही विसंगती दिसली तिला पुढे १०४ आणि ९५ यांची अदलाबदल होण्याची भीती राहत नाही, कारण तिच्या लेखी आता ते दोन आकडे एका घटनेच्या अलीकडचे आणि पलीकडचे आहेत. घरात जीवशास्त्राचा मामा नसलेल्या मुलाने काय करावे, याचे उत्तर या सेवेकडे नाही.

आता मुख्य दोषाकडे वळतो. सहा धडे तीन शिक्षकांमध्ये वाटलेले आहेत आणि त्यांनी एकमेकांच्या तासिका पाहिलेल्या नाहीत, असे जागोजागी जाणवते. उत्सर्जनाच्या शिक्षकांनी पाणी राखून ठेवणाऱ्या संप्रेरकाला (हार्मोनला) एडीएच म्हटले, अंतःस्रावी ग्रंथींच्या शिक्षिकेने त्यालाच व्हॅसोप्रेसिन म्हटले, आणि चेतासंस्थेच्या शिक्षकांनी, ते जेथे तयार होते तो मेंदूतील हायपोथॅलॅमस शिकवताना, त्याचा उल्लेखच केला नाही. परिणामी ही दोन वेगळी संप्रेरके आहेत, अशी भाचीची पक्की समजूत झाली होती आणि सातव्या चाचणीत एक प्रश्न चुकेपर्यंत ती मलाही कळली नाही. वस्तुतः उजळणीची खरी जागा हीच आहे. रक्तदाब उतरला की वृक्कातील पेशी रेनिन सोडतात, त्यातून पुढे अँजिओटेन्सिन २ तयार होते, ते रक्तवाहिन्या आकुंचित करते आणि अधिवृक्क ग्रंथीला अल्डोस्टेरॉन सोडायला लावते, मग सोडियम आणि पाणी परत शोषले जाऊन दाब वर येतो. आणि तो फार वाढू लागला तर हृदयाच्या अलिंदांच्या भिंतीच एक संप्रेरक सोडून या साऱ्याला लगाम घालतात. या एका गोष्टीत वृक्काचा, हृदय व रक्तवाहिन्यांचा आणि ग्रंथींचा असे तीन धडे येतात. अस्थिमज्जेला तांबड्या पेशी तयार करायला सांगणारे एरिथ्रोपोएटिनही वृक्कातूनच येते. चौतीस तासिकांपैकी एकही तासिका असे धागे एकत्र बांधण्यासाठी ठेवलेली नाही. सगळे स्वतंत्र डबे आहेत आणि प्रत्येक डब्यावर वेगळ्या माणसाचे अक्षर आहे.

स्नायू आणि सांगाड्याच्या तासिकांविषयी विशेष लिहिण्यासारखे नाही. आकुंचनाच्या वेळी स्नायुतंतूवरील गडद ए-पट्ट्याची लांबी तेवढीच राहते आणि फिकट आय-पट्टा आखूड होतो, हे दोन्ही हातांची बोटे एकमेकांत सरकवून दाखवले, ते पुरेसे आहे. हाडांची गणना पाठच करावी लागते. चेतापेशीचा विद्युतविभव ठीक शिकवला आहे. अंतःस्रावी ग्रंथींच्या तासिका सर्वांत कच्च्या आहेत : ग्रंथी, संप्रेरक, कार्य आणि विकार असा चार रकान्यांचा तक्ता पडद्यावर ठेवून तो तीन तास वाचून दाखवला आहे. भाची दुसऱ्या तासाला झोपली आणि मी तिला उठवले नाही. जाहिरातीत 'संपूर्ण मानवी शरीर' असे शब्द असूनही बारावीतील मानवी प्रजनन यात नाही, हे पैसे भरल्यावर कळले. एफएसएच आणि एलएच ही प्रजननाशी निगडित संप्रेरकांची नावे ज्या मासिक चक्रामुळे जिवंत होतात तेच वगळून संप्रेरके शिकवायची, म्हणजे वेळापत्रक दाखवायचे आणि गाडी दाखवायची नाही.

छापील नोट्सबाबत पालकांनी विशेष सावध राहावे. पहिल्या खंडाची पहिली ५८ पाने पचन आणि शोषण यांवर आहेत. एनसीईआरटीने हा धडा अकरावीच्या पुस्तकातून वगळला आणि राष्ट्रीय आयुर्विज्ञान आयोगाने २०२४च्या नीटसाठी जो सुधारित अभ्यासक्रम लागू केला त्यातही तो नाही. डोळा आणि कान यांची रचनाही त्याच वेळी गेली. हा विषय वैद्यकाच्या विद्यार्थ्याला नको, असे माझे मुळीच म्हणणे नाही; जठराची माहिती नसलेला डॉक्टर मला चालणार नाही. परंतु चाळीस दिवसांच्या उजळणीत पाच दिवस त्या पानांवर घालवणाऱ्या मुलाला ते आधी सांगायला हवे होते. जुनाच मजकूर नव्या मुखपृष्ठात बांधला आहे, असा त्याचा सरळ अर्थ. फुफ्फुसांच्या क्षमतांच्या पानावर कार्यात्मक शेष क्षमतेचे (साधा उच्छ्वास सोडल्यावर फुफ्फुसात उरणाऱ्या हवेचे) सूत्रही चुकीचे छापले आहे : तेथे उच्छ्वासी राखीव आणि शेष आकारमान यांची बेरीज हवी, त्याऐवजी शेष आकारमानाच्या जागी अंतःश्वासी राखीव आकारमान आले आहे. ही चूक कळवली, तेव्हा आभाराचा संदेश आला; शुद्धिपत्र आले नाही.

बारा चाचण्यांतील प्रश्न मात्र विचारपूर्वक काढले आहेत. जोड्या लावा आणि विधान-कारण यांचे प्रमाण योग्य वाटले, चुकीच्या उत्तराला एक गुण वजा होतो, आणि प्रत्येक उत्तरासोबत दिलेले स्पष्टीकरण बहुतेक ठिकाणी तासिकेपेक्षा सरस आहे. अडचण एवढीच की चाचण्या मोबाइलवरच देता येतात, आणि आजवरची नीट कागदावर, गोल रंगवून द्यावी लागली आहे. नव्वद गोल रंगवायला लागणारी मिनिटे पडद्यावर बोट टेकवून कळत नाहीत. शेवटच्या सहा चाचण्यांचे प्रश्न मी झेरॉक्सच्या दुकानातून छापून आणले आणि उत्तरपत्रिकेचा नमुना सोबत ठेवला, तेव्हा भाचीला पहिल्याच दिवशी अकरा मिनिटे जास्त लागली.

भाषेविषयीही लिहायला हवे. भाची दहावीपर्यंत मराठी माध्यमात शिकली, त्यामुळे अलिंद, निलय, संप्रेरक हे शब्द तिच्या ओळखीचे आहेत; अकरावीपासून सगळे इंग्रजीत. नीटची प्रश्नपत्रिका मराठीतही मिळते, पण एनसीईआरटीचे पुस्तक मराठीत नाही आणि भाषांतराविषयी संदिग्धता निर्माण झाल्यास इंग्रजी मजकूर ग्राह्य धरला जातो. म्हणून इंग्रजीतूनच परीक्षा देण्याचा तिचा निर्णय मला योग्य वाटतो. या अभ्यासक्रमातील शिकवणे हिंदीमिश्रित इंग्रजीत आहे आणि ते समजायला जड नाही, मात्र लक्षात ठेवण्याच्या सगळ्या युक्त्या हिंदी शब्दांवर बेतलेल्या आहेत. घरात हिंदी न बोलणाऱ्या मुलाला आधी युक्ती पाठ करावी लागते आणि मग युक्तीत दडवलेला धडा.

घ्यावा का, असे मला शेजारच्या दोघांनी विचारले. ज्याने पाठ्यपुस्तक किमान दोनदा ओळीन् ओळ वाचले आहे आणि ज्याला फक्त वृक्क व हृदय अडले आहे, त्याने घ्यावा, त्या तासिका आणि चाचण्या वापराव्यात आणि नोट्सचा पहिला खंड साठाव्या पानापासून उघडावा. ज्याचे पहिले वाचनच व्हायचे आहे, त्याने हे पैसे राखून ठेवावेत. त्याला पुस्तक, कोरे कागद आणि नेफ्रॉन पुस्तक मिटून पुन्हा पुन्हा काढण्याची सवय अधिक उपयोगी पडेल. आणखी एक अट पावतीवर बारीक अक्षरांत आहे, ती आधीच वाचावी : तासिका पाहण्याची मुदत परीक्षेच्या दिवशी मध्यरात्री संपते, ती वाढवून मिळत नाही, आणि पुढच्या वर्षी पुन्हा बसणाऱ्या विद्यार्थ्याला पूर्ण रक्कम नव्याने भरावी लागते.