आठ इंची डॉबसोनियन: एम ८७ साठी पुरेशी, मानेसाठी नाही

आठ इंची डॉबसोनियन, म्हणजे जमिनीवरच्या फिरत्या बुडावर बसवलेली आरशाची दुर्बीण. तिच्याबद्दल "काहीच दिसत नाही" असे खरेदीदारांचे शेरे वाचून वाचून कंटाळले, म्हणून लिहितेय. आरसा २०३ मिमी, फोकल लेंग्थ १२०० मिमी. चंद्र-शनी याहून लहान दुर्बिणीतही छान दिसतात. मी ही घेतली दीर्घिकांसाठी, त्यातही लंबवर्तुळाकार दीर्घिकांसाठी, ज्यांना सहसा कुणी विचारत नाही. एम ८७ त्यातलीच एक; 'एम' म्हणजे मेसिएच्या यादीतला क्रमांक.

एप्रिलमधली अमावास्येच्या आसपासची रात्र, वेल्ह्याकडचं मोकळं रान. उत्तरा फाल्गुनी आणि कन्येतला विंडेमिअ‍ॅट्रिक्स या ताऱ्यांच्या साधारण मध्यावर फाइंडर (नेम धरायची छोटी दुर्बीण) नेला की २५ मिमीच्या आयपीसमधून (डोळ्याशी लावायच्या भिंगातून) एम ८४ आणि एम ८६ या दीर्घिका शेजारी शेजारी दिसतात. तिथून पूर्वेला, किंचित दक्षिणेकडे, सव्वा अंश सरकलं की एम ८७.

दिसतं काय? राखाडी गोल ठिपका, मध्ये उजळ, कडेला विरत गेलेला. सर्पिल दीर्घिकांसारखे बाहू नाहीत, धुळीचे पट्टे नाहीत. पुतणीनं डोळा लावला आणि म्हणाली, "काकू, काच पुसायची राहिलीय." म्हटलं, थेट नको बघूस, जरा बाजूला नजर ठेव. "अय्या, मोठं झालं की!" अंधुक उजेड थेट नजरेपेक्षा कडेच्या नजरेलाच जास्त कळतो.

तर दुर्बीण बिघडलेली नाही, दीर्घिकाच तशी आहे. म्हाताऱ्या ताऱ्यांचा प्रचंड गोळा, आणि नवे तारे घडायला लागणारा थंड वायू जवळजवळ संपलेला. १७८१ मध्ये फ्रेंच खगोलनिरीक्षक मेसिएनं नोंद केली तीही तारे नसलेला धुरकट डाग म्हणूनच. २०१९ मध्ये ज्या कृष्णविवराचं छायाचित्र जगभर गाजलं, ते सूर्याच्या सुमारे साडेसहाशे कोटी पट वस्तुमानाचं कृष्णविवर याच ठिपक्याच्या पोटात आहे. साधारण साडेपाच कोटी प्रकाशवर्षं दूर! केंद्रातून निघालेला पदार्थाचा झोत मात्र आठ इंचीत दिसेल ही आशा सोडा. अमेरिकी खगोलशास्त्रज्ञ हेबर कर्टिसला तो १९१८ मध्ये लिक वेधशाळेच्या छायाचित्रांत सापडला होता.

आता तक्रार. आपल्याकडून एम ८७ जवळपास डोक्यावर येते. हवेचा थर कमी, म्हणजे बघायला सगळ्यात चांगली वेळ. आणि डॉबसोनियन नेमकी तिथंच अडते. नळी उभी झाली की आडवं फिरवायला जोर मिळत नाही, बूड अडखळतं, एका धक्क्यात दीर्घिका गायब. एप्रिलच्या मध्यावर मी दहाच्या आत बघून घेते, नाहीतर सरळ एक वाजल्यानंतर.

सोबतचा सरळ फाइंडर तर छळच: गुडघे मातीत, मान उलटी. काटकोनी फाइंडर वेगळा घ्याच. १० मिमीचा आयपीस सुमार आहे, पण लगेच बदलायची घाई नको, दीर्घिकांना २५ चाच जास्त लागतो. नळी हॅचबॅकच्या मागच्या सीटवर आडवी मावते, बूड डिकीत.

पाचपैकी चार. गच्चीवरून पुण्याच्या उजेडात बघणार असाल तर दोन.