‘आयसी जळालाय’ म्हणणाऱ्याला आधी पडद्यावरची काळी पट्टी दाखवा

कन्सोल दुरुस्त होऊन आला, पण त्याच्याबरोबर दिलेली अस्सल कार्ट्रिज, म्हणजे खेळ साठवलेली डबी, गेली आणि तिच्या जागी नकली आली, असा प्रकार सोलापुरात घडला आहे. कन्सोल गेम बॉय कलर, निन्टेन्डो या जपानी कंपनीचा हातात धरून खेळायचा जुना व्हिडिओ गेम. एका शाळकरी मुलाला तो मामाकडून मिळालेला, मामाने आखातातून आणलेला. सोबत पोकेमॉन गोल्ड या खेळाची कार्ट्रिज. तक्रार एवढीच होती की बटण सरकवलं की लाल दिवा लागतो, ‘गेम बॉय’ अशी रंगीत अक्षरं येतात, पण खाली निन्टेन्डोच्या नावाच्या जागी काळी पट्टी येऊन सगळं तिथंच थांबतं.

दुकानदाराने कन्सोल हातात घेतला, एकदा चालू करून बघितला आणि निकाल दिला, “आयसी जळालाय की ओ. स्लॉट पण गेलाय. बोर्डाचं काम हाय, अठ्ठावीसशे लागतंय. कार्ट्रिज पण ठेवून जावा, चेक करायला लागतीय.” हजार रुपये आगाऊ घेतले, पावती दिली नाही. आठवड्याने कन्सोल चालू स्थितीत परत दिला. त्यानंतर थोड्याच दिवसांत तीच काळी पट्टी पुन्हा आली, आणि मधल्या काळात जेव्हा गेम चालला तेव्हा कन्सोल बंद केला की सेव्ह केलेला खेळ पुसला जायचा.

यातलं एकेक वाक्य तपासून बघण्यासारखं आहे, कारण जुन्या कन्सोलच्या दुरुस्तीत होणाऱ्या बहुतेक फसवणुकी याच वाक्यांवर चालतात.

‘आयसी’, म्हणजे चिप, ‘जळालाय’ हे तर पडद्यानेच खोटं ठरवलं होतं. गेम बॉयच्या चिपमध्येच एक छोटा प्रोग्राम कायमचा कोरलेला असतो. कन्सोल चालू झाला की तो आधी कार्ट्रिजमधून निन्टेन्डोच्या लोगोचे ४८ बाइट वाचतो, तेच पडद्यावर काढतो आणि स्वतःजवळच्या प्रतीशी ताडून बघतो. जुळले तर खेळ सुरू, नाहीतर तिथंच थांबा. म्हणजे तुम्हाला दिसणारं निन्टेन्डोचं नाव कन्सोलमधलं नसतं, ते कार्ट्रिजमधून वाचून आलेलं असतं. कार्ट्रिज घातलेलीच नसेल किंवा तिच्याशी संपर्कच होत नसेल, तर प्रत्येक बिट १ वाचला जातो आणि लोगोच्या जागी भरीव काळा आयत उमटतो. आता विचार करा, ती पट्टी काढली कोणी? प्रोसेसरने. दाखवली कशावर? पडद्यावर. मग जळालं काय? काळी पट्टी दिसत असेल तर प्रोसेसर, पडदा आणि वीजपुरवठा तिन्ही कामापुरते जिवंत आहेत. दोष कार्ट्रिजच्या कॉन्टॅक्टपासून (खालच्या कडेच्या धातूच्या पट्ट्या) स्लॉटच्या, म्हणजे ती बसते त्या खाचेच्या, पिनांपर्यंतच्या टप्प्यात शोधायचा, आणि बहुतेक वेळा तो मळच असतो.

पट्टी सोडून आणखी काय दिसतं तेही वाचता येतं. लोगो तुटका, पण सगळीकडे सारख्याच नक्षीने बिघडलेला असेल तर माहिती वाहून आणणाऱ्या आठ डेटा लाइनींपैकी एखाद-दुसरीचा संपर्क जातोय. लोगो अगदी स्वच्छ येतो, ‘टिंग’ वाजतं आणि मग पांढरा पडदा किंवा अक्षरांचा कचरा येतो, अशा वेळी वरच्या ॲड्रेस लाइनींवर (मेमरीतली कुठली जागा वाचायची ते सांगणाऱ्या) संशय घ्यायचा. लोगो कार्ट्रिजच्या मेमरीत अगदी सुरुवातीला असतो, तो वाचायला त्या लाइनी लागतच नाहीत, पुढचा खेळ वाचायला लागतात. कार्ट्रिजला एकूण ३२ कॉन्टॅक्ट असतात. एका टोकाला वीज, दुसऱ्या टोकाला ग्राउंड, मध्ये १६ ॲड्रेस आणि ८ डेटा, बाकीचे बहुतेक नियंत्रणाचे. त्यातला एक जरी नीट टेकला नाही तरी बहुतेक वेळा वरच्यापैकी काहीतरी होतं. गेम बॉय ॲडव्हान्स आणि ॲडव्हान्स एसपी या पुढच्या मॉडेलांत ॲडव्हान्सची कार्ट्रिज असेल तर काळी पट्टी येत नाही. तिथं ‘गेम बॉय’ची अक्षरं जमतात आणि खालचं निन्टेन्डो हे नाव उमटतच नाही. अर्थ तोच. मात्र या दोन कन्सोलमध्ये स्लॉटच्या आत एक बारीक यांत्रिक स्विच असतो. जुनी कार्ट्रिज घातली की तो दाबला जातो आणि कन्सोल ५ व्होल्टवर जातो, ॲडव्हान्सची घातली तर ३.३ वरच राहतो. हा स्विच अडकला की एका प्रकारचे खेळ चालतात आणि दुसऱ्या प्रकारचे चालत नाहीत. तेव्हाही ‘बोर्ड गेलाय’ असं सांगून पैसे काढले जातात.

सोलापुरात या मळाला स्थानिक कारण आहे. अशोक चौकापासून अक्कलकोट रोडपर्यंत घराघरांत आणि गाळ्यांत यंत्रमाग चालतात, चादरी-टॉवेलच्या सुताचे बारीक तंतू हवेत असतात आणि उघड्या स्लॉटमध्ये जाऊन बसतात. उन्हाळ्यात पारा चाळिशी ओलांडतो तेव्हा ते कोरडे असतात, म्हणून निदान वरवरचे झटकून निघतात. पावसाळ्यात ओलावा धरतात आणि कॉन्टॅक्टवर काळसर थर चढायला मदत करतात. त्यात आपली फुंकर. फुंकर मारून खेळ चालतो तो मुख्यतः कार्ट्रिज काढून पुन्हा घातल्यामुळे, पिना नव्या जागी घासल्यामुळे. फुंकरीतला थुंकीचा ओलावा मागे राहतो आणि धातू खातो. हे सांगून वीस वर्षं झाली तरी लोक फुंकतातच.

साफ करायला लागतं ते आयसोप्रोपिल अल्कोहोल, ९९ टक्क्यांचं. मोबाइल दुरुस्तीचं सामान विकणाऱ्यांकडे ‘आयपीए’ म्हणून मागितलं की मिळतं. मेडिकलमधलं सर्जिकल स्पिरिट पाणी धरून असतं, आणि करोनाच्या काळातल्या उरलेल्या सॅनिटायझरमध्ये ग्लिसरीन किंवा जेल असतं, ते कॉन्टॅक्टवर चिकट पापुद्रा ठेवतं. दोन्ही नकोत. आधी सेल काढा. कापसाचा बड अल्कोहोलमध्ये बुडवा, निथळू द्या, आणि कार्ट्रिजच्या कॉन्टॅक्टवर त्यांच्या लांबीच्या दिशेने घासा, आडवा नाही, आडवा घासला की कापसाचे धागे कडांना अडकतात. बड काळा येईल. नवा घ्या. पांढरा येईपर्यंत हेच. मग दहा मिनिटं सुकू द्या. डाग अगदी हट्टी असेल तर शाळेतला पांढरा मऊ खोडरबर हलक्या हाताने एकदा फिरवा, चुरा झटका आणि पुन्हा अल्कोहोल.

स्लॉटमध्ये बड जात नाही. त्यासाठी फारशी किंमत नसलेली एखादी कार्ट्रिज घ्या, तिच्या कॉन्टॅक्टला अल्कोहोल लावा आणि ओली असतानाच आठ-दहा वेळा आत-बाहेर करा. दर दोन-तीन वेळांनी कॉन्टॅक्ट पुसून घ्या, नाहीतर तोच मळ परत आत जातो. एटीएम कार्डाला फडकं गुंडाळून आत घुसवण्याचा सल्ला सर्रास दिला जातो. तो मानू नका. फडक्यासकट जाडी वाढते, पिना फाकतात आणि मग खरोखरच स्लॉट बदलायची वेळ येते.

एवढं करूनही खेळ मध्येच बंद पडून पुन्हा सुरू होत असेल तर कार्ट्रिज सोडा, चालू-बंदचं बटण बघा. त्याच्या आतल्या पत्र्यांवरही काळा थर येतो आणि व्होल्टेज तिथंच गळतं. सेल काढून बटण वीस-पंचवीस वेळा सरकवा. मल्टिमीटर असेल तर नव्या अल्कलाइन सेलवर बटणाच्या आधी आणि नंतर मोजा, दोन सेलचे मिळून तीन व्होल्टच्या आसपास दोन्हीकडे जवळजवळ सारखे दिसले पाहिजेत. रिमोटचे स्वस्त सेल घालून ‘कन्सोल बिघडलाय’ ठरवू नका, ते भार आला की बसतात.

आता त्या दुकानात नेमकं काय झालं ते. कन्सोल नंतर उघडून पाहिला तेव्हा स्लॉटच्या ३२ जोडांवर कारखान्यातलंच एकसारखं सोल्डर होतं. नवा स्लॉट बसवला असता तर हाताचं सोल्डर दिसलं असतं, फ्लक्सचे (सोल्डर करताना लावतात त्या राळेचे) पिवळट डाग राहिले असते. म्हणजे स्लॉटचे पैसे घेतले आणि स्लॉट बदललाच नाही. चिपलाही कुणी हात लावलेला नव्हता. केलं होतं एवढंच की पिनांवर पॉलिश पेपरचा तुकडा फिरवलेला. पॉलिश पेपरने खेळ लगेच चालतो, म्हणून ग्राहक खूश होऊन जातो. पण कॉन्टॅक्टवरचा सोन्याचा मुलामा अतिशय पातळ असतो, तो निघाला की खालचा धातू उघडा पडतो आणि काळा पडायला लागतो. तक्रार परत येते आणि दुकानदाराला दुसऱ्यांदा पैसे मागायला कारण मिळतं. हीच गोष्ट तेलकट स्प्रेची, फक्त त्यात ओरखडे दिसत नाहीत. तेलाचा थर राहतो आणि त्याला सुताचे तंतू चिकटतात.

कार्ट्रिजची अदलाबदल मात्र निव्वळ चोरी. मामाच्या जुन्या फोटोत लेबलचा एक कोपरा फाटलेला होता, परत आलेल्या कार्ट्रिजचं लेबल कोरं करकरीत. खेळ तोच, रंग जवळपास तोच, म्हणून घरात कुणाच्या लक्षात आलं नाही. अस्सल पोकेमॉन गोल्ड उघडली तर आत निन्टेन्डोचं नाव छापलेला बोर्ड, वेगवेगळ्या चिप, घड्याळासाठी ३२.७६८ किलोहर्ट्झचा छोटा क्रिस्टल आणि सीआर २०२५ बॅटरी दिसते. परत आलेलीत काळ्या डांबरासारख्या थेंबाखाली एक चिप होती, क्रिस्टलचा पत्ता नाही. सेव्ह टिकत नव्हतं ते या नकली बोर्डामुळे. न उघडताही काही खुणा दिसतात. अस्सल कार्ट्रिजच्या मागच्या स्क्रूला सहा गोल खाचा असतात, साध्या पेचकसाने तो निघत नाही. लेबलवर उजेड तिरका पाडला की दाबून उमटवलेला दोन आकडी क्रमांक दिसतो. पोकेमॉन गोल्डच्या अमेरिकी प्रतीवर डीएमजी-एएयूई-यूएसए असा क्रमांक छापलेला असतो. ॲडव्हान्सच्या कार्ट्रिजला खालून बघितलं तर बोर्डावर निन्टेन्डोचं नाव दिसायला हवं.

बॅटरीवरून वेगळा डाव खेळला जातो. गोल्डच्या काळातल्या कार्ट्रिजची बॅटरी आज संपलेली असणं अगदी साहजिक आहे, आणि ती काढताच सेव्ह पुसलं जातं. हे आधी सांगणारा कारागीर प्रामाणिक समजा. ‘सेव्ह राहील, काळजी नको’ म्हणून नंतर ‘ते आधीच गेलं होतं’ म्हणणारा नाही. बदलताना पाय (सोल्डर करायच्या धातूच्या पट्ट्या) लावलेली बॅटरी हवी. साध्या सेलवर थेट सोल्डरिंग आयर्न टेकवलं तर तो फुटू शकतो, आणि सेलोटेपने चिकटवलेला सेल हालला की सेव्ह पुन्हा जातं. आणि एक लक्षात ठेवा, बॅटरी संपल्यामुळे काळी पट्टी येत नाही. बॅटरी मेलेली गोल्डसुद्धा सुरू होते, फक्त लक्षात काही ठेवत नाही. या दोन तक्रारी एकत्र बांधून एकच मोठं बिल केलं जातं.

दुकानात द्यायची वेळ आलीच तर कार्ट्रिज देऊ नका. तपासायला दुकानदाराकडे स्वतःची असली पाहिजे. नसेल तर तो हे काम रोज करतच नाही. कन्सोलच्या मागचा अनुक्रमांक, कार्ट्रिजची पुढची-मागची बाजू आणि चालू केल्यावर पडद्यावर दिसतं ते, या सगळ्याचे फोटो त्याच्या समोरच काढा. पावतीवर अनुक्रमांक, तक्रार आणि ठरलेली रक्कम लिहून घ्या. कुठलाही भाग बदलला तर जुना भाग परत हवा, हे आधीच सांगा. एवढ्या एका वाक्याने निम्मी खोटी बिलं जागच्या जागी गळतात, कारण न बदललेला स्लॉट परत कुठून आणणार?

ऑनलाइन जुना कन्सोल घेताना विक्रेत्याकडून एकच सलग व्हिडिओ मागा, त्यात अनुक्रमांक, रिकाम्या स्लॉटची काळी पट्टी आणि मग कार्ट्रिज घालून सुरू झालेला खेळ दिसला पाहिजे. मध्ये कापलेला व्हिडिओ म्हणजे दोन वेगळे कन्सोलही असू शकतात. आगाऊ पैसे पाठवून विक्रेता गायब झाला तर लगेच १९३० वर सायबर फसवणुकीची तक्रार करा.

दुकानदाराने फसवलं असेल तर १९१५ ही राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन आहे. तिथं भागलं नाही तर सोलापूरच्या जिल्हा ग्राहक आयोगात, ग्राहक संरक्षण कायदा २०१९ खाली, घटनेपासून दोन वर्षांच्या आत तक्रार दाखल करता येते. पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला शुल्क नाही. त्या मुलाच्या घरच्यांकडे पावती नव्हती, पण आगाऊचे हजार रुपये यूपीआयने दिलेले होते, दुकानदाराचा ‘बोर्डाचं काम झालंय’ असा व्हॉट्सॲपवरचा मेसेज होता आणि मामाचा जुना फोटो होता. एवढं समोर ठेवल्यावर त्याने पैसे परत केले. अस्सल कार्ट्रिज अजून मिळालेली नाही.