राज्य कर्मचाऱ्यांच्या विमा योजनेतले वजनाचे औषध : सोळा महिने मिळाले, मग थांबले

अमेरिकेतल्या एका राज्याच्या सरकारी विद्यापीठात मी ग्रंथालयात नोकरी करते आणि त्या राज्याच्या कर्मचारी आरोग्य योजनेची गेली अकरा वर्षे सभासद आहे. या योजनेने माझ्या वजनाच्या इंजेक्शनचा खर्च सप्टेंबर २०२३ पासून डिसेंबर २०२४ पर्यंत, म्हणजे सोळा महिने उचलला आणि १ जानेवारी २०२५ पासून तो सगळ्यांसाठीच बंद केला. सरकारी शाळा, विद्यापीठे आणि बांधकाम-वाहतुकीच्या खात्यांत काम करणारी मराठी मंडळी इथे बरीच आहेत. दरवर्षी योजना निवडण्याच्या दिवसांत त्यांच्यापैकी कोणी ना कोणी ‘तुमच्याकडे ते इंजेक्शन मिळतं का’ असे विचारतेच, म्हणून हे सविस्तर लिहीत आहे.

सुरुवात केली तेव्हा माझे वजन १९० पौंड होते आणि उंची पाच फूट तीन इंच, म्हणजे बीएमआय (उंचीच्या मानाने वजन किती ते सांगणारा आकडा) ३४च्या जरा खाली. रक्तदाबाची गोळी चालू होती आणि एचबीए१सी, म्हणजे मागच्या दोन-तीन महिन्यांतल्या साखरेची सरासरी दाखवणारा आकडा, ६.१ आला होता. डॉक्टरांनी वेगोवी लिहून दिले. एफडीए या अमेरिकेतल्या औषधांना मान्यता देणाऱ्या सरकारी संस्थेने या औषधाला वजनासाठी जून २०२१ मध्ये मान्यता दिली. त्यातले सेमाग्लुटाइड हेच द्रव्य ओझेम्पिक या नावाने मधुमेहासाठी त्याआधीपासून मिळत होते. वेगोवीची छापील किंमत महिन्याला १,३४९ डॉलर होती. माझ्या योजनेत मला त्यातले ४० डॉलर भरावे लागत.

मात्र त्या ४० डॉलरांपर्यंत पोहोचायला पूर्वमंजुरी लागत होती. बीएमआय किमान ३०, किंवा २७ असेल तर रक्तदाबासारखा एखादा जोडीचा आजार, शिवाय सहा महिने आहार आणि व्यायामाचा प्रयत्न केल्याची डॉक्टरांकडची नोंद, अशा अटी होत्या. माझा पहिला अर्ज परत आला, कारण वजनाच्या आकड्यापुढे ते कधी घेतले त्याची तारीख नव्हती. दुसरा चार दिवसांत मंजूर झाला. त्या वेळी फोनवर भेटलेल्या योजनेच्या परिचारिकेचे नाव मी विचारून ठेवायला हवे होते, कारण तिने मी न विचारताच मला एक मोलाची गोष्ट सांगितली. या औषधाची मात्रा ०.२५ मिलिग्रॅमपासून सुरू होऊन दर चार आठवड्यांनी ०.५, १, १.७ आणि शेवटी २.४ अशी चढते, तर पाचही मात्रांची मंजुरी डॉक्टरांना एकदमच मागायला सांगा, नाहीतर दर महिन्याला नवा अर्ज करावा लागेल, असे ती म्हणाली. तिचे ऐकले म्हणून पुढचे पाच महिने कागदपत्रांत गेले नाहीत. योजनेच्या या बाजूला मी पाचपैकी साडेचार गुण देईन.

राहिलेला अर्धा गुण त्या बीएमआयच्या आकड्यांचा आहे. आपल्या लोकांत पोटाभोवतीची चरबी आणि साखर फार लवकर डोके वर काढतात. जागतिक आरोग्य संघटनेच्या तज्ज्ञांनी आशियाई लोकांसाठी २३ आणि २७.५ हे खालचे टप्पे २००४ मध्येच सुचवले आहेत. औषधाच्या मान्यतेत आणि योजनेच्या अर्जात मात्र सगळ्यांना ३० आणि २७ हीच फूटपट्टी लागते. माझ्या ओळखीतल्या एका मराठी शिक्षिकेचा बीएमआय २६.४ होता, साखर वाढलेली होती आणि वडिलांना चाळिशीत हृदयविकाराचा झटका येऊन गेला होता. तिचा अर्ज पहिल्याच रकान्यात बाद झाला.

औषध मिळवणे हे वेगळेच काम होते. त्या काळात देशभर तुटवडा होता आणि ०.५ची मात्रा शोधायला मी पाच फार्मसींना फोन केले होते. तो दोष योजनेचा नाही. एका खोक्यात चार पेनं येतात, दर आठवड्याला एक वापरायचे आणि टाकून द्यायचे. दर रविवारी रात्री मी पेन फ्रिजमधून काढून थोडा वेळ ओट्यावर ठेवत असे, मग पोटावर घट्ट दाबायचे, एक टिक ऐकू येते, काही क्षणांनी दुसरी, आणि पेनाच्या खिडकीतली पिवळी पट्टी सरकायची थांबली की झाले. सुईपेक्षा मळमळ त्रासदायक होती. १.७च्या महिन्यात मला दुपारचे जेवण नकोसे होई. पण आयुष्यात पहिल्यांदा अन्नाचा विचार न करता माझी अख्खी दुपार जात होती, आणि हे ज्यांनी अनुभवले नाही त्यांना शब्दांत सांगणे कठीण आहे. डिसेंबर २०२४ मध्ये वजन १६२ पौंड होते, एचबीए१सी ५.५, आणि रक्तदाबाची गोळी अर्धी झाली होती. औषधाच्या मुख्य चाचणीत ६८ आठवड्यांत सरासरी जवळपास १५ टक्के वजन उतरले होते. माझेही नेमके तेवढेच उतरले.

आता ज्या भागासाठी मी हे लिहायला बसले तो. ऑक्टोबरमध्ये पुढच्या वर्षाची माहितीपुस्तिका आली, ४० पानांची. तिच्या ३१व्या पानावर औषधयादीतल्या बदलांचा तक्ता होता आणि त्यात ‘वजन कमी करण्याची औषधे’ या ओळीपुढे ‘वगळली’ एवढा एकच शब्द होता. मी ते पान पाहिलेच नाही, आणि माझ्या विभागातल्या हे औषध घेणाऱ्या दुसऱ्या दोघांनीही पाहिले नाही. माझ्या नावाचे पत्र ९ डिसेंबरला आले. हातात २२ दिवस आणि फ्रिजमध्ये तीन पेनं. औषध कमी करत थांबवायचे की एकदम, थांबल्यावर भूक परत येईल तेव्हा काय करायचे, रक्तदाबाची गोळी पुन्हा वाढवायची का, यातल्या एकाही प्रश्नावर त्या पत्रात अक्षर नव्हते. योजनेच्या क्रमांकावर फोन केला तेव्हा पलीकडच्या मुलाने सौजन्याने, पण तीन वेळा तेच वाक्य ऐकवले, की हे तुमच्या डॉक्टरांना विचारा. डॉक्टरांची भेट फेब्रुवारीतली मिळाली.

हे औषध थांबले की वजन परत येते, ही काही योजनेला माहीत नसलेली गोष्ट नव्हती. त्याच मुख्य चाचणीतल्या लोकांचे औषध थांबवून पुढे वर्षभर पाहिले, तेव्हा उतरलेल्या वजनापैकी दोनतृतीयांश परत आले होते. रक्तदाबाची गोळी घेणाऱ्याचा रक्तदाब आटोक्यात आला म्हणून कोणी त्याची गोळी बंद करत नाही. अमेरिकन मेडिकल असोसिएशनने स्थूलतेला २०१३ मध्येच आजार म्हटले आहे. मग जे औषध दीर्घकाळ घ्यावे लागणार हे पहिल्या दिवसापासून ठाऊक होते, त्याची १६ महिने सवय लावून ते २२ दिवसांच्या पत्राने काढून घेणे हे मुळात न देण्यापेक्षा वाईट आहे, असे माझे स्पष्ट मत आहे. सरकारी तिजोरीचे जे लाखो डॉलर आमच्यासारख्यांवर खर्च झाले, तेही अशाने पाण्यात जातात.

पैशाची अडचण खरी आहे, हे मला मान्य आहे आणि ते दडवून हे परीक्षण प्रामाणिक होणार नाही. अशा बहुतेक राज्य योजना स्वतःच्या निधीवर चालतात. कार्डावर विमा कंपनीचे नाव असले तरी ती फक्त कारभार पाहते, पैसा राज्याचा आणि कर्मचाऱ्यांच्या हप्त्यांचा असतो. नॉर्थ कॅरोलायनाच्या योजनेत सुमारे साडेसात लाख सभासद आहेत आणि २०२३ मध्ये तिथे या औषधांवर १० कोटी डॉलरांहून अधिक खर्च झाला, म्हणजे सगळ्या औषधखर्चाचा जवळजवळ दहावा हिस्सा. तिथल्या विश्वस्त मंडळाने आधी नव्या रुग्णांना बंद आणि जुन्यांना चालू असे ठरवले होते. पण तसे केले तर औषध कंपनीकडून मिळणारी कोट्यवधींची सवलत हातची जाणार, असे औषधांचा हिशेब पाहणाऱ्या मध्यस्थ कंपनीकडून कळले, आणि जानेवारी २०२४ मध्ये मंडळाने ४ विरुद्ध ३ मतांनी १ एप्रिलपासून सगळ्यांचेच बंद केले. वेस्ट व्हर्जिनियाने साधारण हजार जणांपुरता चालवलेला प्रयोगही त्याच सुमारास गुंडाळला, आणि टेक्सास विद्यापीठांच्या योजनेने तर त्याआधीच, सप्टेंबर २०२३ मध्ये, हात आखडता घेतला होता. आमच्या ग्रंथालयात रात्री साफसफाई करणाऱ्या बाईंचा कौटुंबिक हप्ता आधीच पगाराला जड होतो. तो आणखी वाढवून माझे इंजेक्शन चालू ठेवा, असे मी त्यांच्या तोंडावर म्हणू शकणार नाही.

पण देणे आणि तोडणे यांच्यामध्येही वाटा आहेत. कनेक्टिकटने २०२३ मध्ये राज्य कर्मचाऱ्यांसाठी असे ठरवले, की वजनाचे औषध हवे असेल तर ठरावीक वैद्यकीय कार्यक्रमातूनच घ्यायचे, जिथे डॉक्टर आणि आहारतज्ज्ञ पाठपुरावा करतात. केंद्र सरकारच्या कर्मचाऱ्यांच्या योजनांना तर वजनाच्या या नव्या औषधांपैकी किमान एक यादीत ठेवण्याची सूचनाच दिलेली आहे. माझ्या योजनेने यातले काहीच करून पाहिले नाही. बेरिअ‍ॅट्रिक (वजन उतरवण्यासाठी पोटावर करायच्या) शस्त्रक्रियेचा खर्च ती आजही देते. एचबीए१सी ६.५ झाला, म्हणजे मला मधुमेह झाला, तर हेच द्रव्य ओझेम्पिक म्हणून देईल. ६.१वरून ५.५वर आणलेली साखर तिथेच टिकवायला मात्र देणार नाही. हे लिहिताना मला आजही राग येतो.

अपिलाविषयी एक गोष्ट नीट समजून घ्यावी, कारण त्यात माझे सहा आठवडे गेले. अटी पूर्ण होत नाहीत म्हणून नकार आला असेल तर वैद्यकीय गरजेच्या आधारावर अपील करता येते आणि डॉक्टरांच्या पत्राने ते फिरूही शकते. पण औषधाचा प्रकारच योजनेने वगळला असेल तर डॉक्टर कितीही चांगले पत्र देवोत, उत्तर ठरलेले असते. माझे अपील दुसऱ्या प्रकारचे होते आणि हे मला अर्ज घेताना कोणीही सांगितले नाही. खाजगी कंपन्यांच्या योजनांना लागू असलेला एरिसा हा केंद्रीय कायदाही राज्य सरकारच्या योजनांना लागत नाही. वाट उरते ती दुसऱ्या कारणाची. हृदयविकार किंवा पक्षाघात होऊन गेला असेल तर त्या कारणासाठी वेगोवीला मार्च २०२४ पासून मान्यता आहे, आणि झोपेत श्वास अडण्याच्या मध्यम किंवा तीव्र विकारासाठी झेपबाउंड या वजनाच्याच दुसऱ्या औषधाला डिसेंबर २०२४ पासून. माझ्या योजनेने ही दोन्ही कारणे उघडी ठेवली आहेत. मी झोपेची चाचणीही करून घेतली. तासाला किमान १५ वेळा श्वास अडायला हवा होता, माझा ११ वेळा अडत होता.

जानेवारी ते एप्रिल या चार महिन्यांत माझे ११ पौंड परत आले आणि रक्तदाबाची गोळी पुन्हा पूर्ण झाली. मार्च २०२५ मध्ये उत्पादक कंपनीने विम्याशिवाय घेणाऱ्यांसाठी ४९९ डॉलरांचा दर जाहीर केला आणि मे महिन्यापासून मी तो भरू लागले, म्हणजे वर्षाला जवळपास सहा हजार. नोव्हेंबरमध्ये तो ३४९ झाला. जी किंमत एकटी ग्राहक थेट विकत घेऊन भरू शकते, तिच्याहून चांगला भाव लाखो सभासदांची योजना मागू शकत नसेल, तर मध्यस्थ कंपनीशी केलेला करार सभासदांपुढे ठेवला पाहिजे.

ज्यांची योजना अजून हे औषध देते त्यांनी सुरू करण्याआधी योजनेकडून दोन उत्तरे लेखी घ्यावीत : मंजुरीच्या नूतनीकरणाला किती वजन उतरलेले लागते आणि ते कोणत्या तारखेच्या वजनावरून मोजतात, आणि यादीतून औषध निघाले तर जुन्या रुग्णांना किती दिवसांची सूचना मिळेल. दुसऱ्याचे उत्तर ९० दिवसांपेक्षा कमी आले तर डॉक्टरांबरोबर थांबण्याची योजनाही पहिल्याच भेटीत आखून ठेवावी.

आमच्या योजनेच्या मंडळाच्या बैठका खुल्या असतात आणि प्रत्येक सभासदाला तीन मिनिटे बोलता येते. पुढच्या बैठकीसाठी मी नाव दिले आहे. सोळा महिन्यांचे आणि नंतरच्या चार महिन्यांचे रक्तदाबाचे व साखरेचे आकडे एका पानावर आणले आहेत आणि त्याच्या १२ प्रती काढल्या आहेत, मंडळाच्या प्रत्येक सदस्याला एक.